अद्भुताला मिळालेला पत्ता : शौर्यरम्य कथा, फ्रेंच ऐतिहासिक कादंबरी आणि मावळातील गड

नसरापूरहून वेल्ह्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर मार्गासनीच्या पुढे विंझर हे गाव आहे. तोरणा आणि राजगड हे दोन्ही किल्ले याच परिसरातले. गुंजण मावळ आणि कानद खोरे या जुन्या नावांनी कागदपत्रांत येणारा हा मुलूख. २०२४ साली राज्य शासनाने वेल्हे तालुक्यास 'राजगड' हे नाव देण्याचा निर्णय घेतला, तेव्हा किल्ल्याचे नाव तालुक्याच्या कारभारातही आले. मराठी ऐतिहासिक कादंबरीच्या वाचकाला हा प्रदेश प्रत्यक्ष पाहण्यापूर्वीच ओळखीचा वाटतो. येथे जन्मलेल्या विद्यार्थ्याचा अनुभव मात्र नेमका उलट असतो. त्याला डोंगर आधी माहीत असतो आणि कादंबरी नंतर भेटते. कादंबरीतील गड आणि समोरचा गड यांत काही अंतर आहे, हे त्याला जाणवते. ते कशामुळे पडले, हे मात्र सांगता येत नाही.

'कादंबरी म्हणजे इतिहास नव्हे, त्यात कल्पना असणारच' हे या प्रश्नाचे रूढ उत्तर. ते खोटे नाही, पण अपुरे आहे. कल्पना कोठल्याही दिशेने धावू शकते. ती पुन्हा पुन्हा ठरावीक दिशेनेच का धावते, याचा उलगडा त्या उत्तराने होत नाही. ही दिशा एका जुन्या वाङ्मयप्रकाराने, शौर्यरम्य कथेने, ठरवून दिलेली आहे असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. ऐतिहासिक कादंबरीने या कथेला हद्दपार केले नाही. तिला काळ आणि स्थळ यांचा पत्ता दिला. ही प्रक्रिया फ्रेंच वाङ्मयात सुमारे दीडशे वर्षांत घडली, मराठीत ती चाळीस वर्षांत उरकली. दोन्ही इतिहास शेजारी ठेवून पाहिले की मराठी कादंबरीतील गडाचे स्वरूप अधिक स्पष्ट होते.

१. नावातच असलेली कबुली

इंग्रजीत 'नॉव्हेल' हा शब्द नवेपणा सुचवितो. फ्रेंचमध्ये कादंबरीला 'रोमां' म्हणतात, आणि हा शब्द मध्ययुगीन शौर्यकथेचाच आहे. बाराव्या शतकात क्रेतियां द त्रुआ याने आर्थर राजाच्या दरबारातील सरदारांच्या ज्या पद्यकथा रचल्या, त्यांनाही हेच नाव होते. मराठीने काय केले? सातव्या शतकातील बाणभट्टाच्या अद्भुतरम्य गद्यकथेचे विशेषनाम घेतले आणि ते सबंध वाङ्मयप्रकाराला दिले. म्हणजे फ्रेंच आणि मराठी या दोन्ही भाषांनी नव्या प्रकाराचे नाव जुन्या अद्भुतकथेवरून ठेवले. हा योगायोग असला तरी बोलका आहे. नव्या प्रकाराकडून वाचकांची जी अपेक्षा होती, ती या नावांत उमटली आहे.

शौर्यरम्य कथेची घटकद्रव्ये थोडी आणि स्थिर आहेत : एकटा वीर, संकटात सापडलेली स्त्री, दुष्ट प्रतिस्पर्धी, दुर्गम वाडा वा किल्ला, वेषांतर, गुप्त वाट आणि अखेरीस ओळख पटणे. या साऱ्यांच्या मुळाशी एक प्रश्न असतो, तो निष्ठेचा. वीराने कोणाशी इमान राखायचे? स्वामीशी, प्रियेशी, रक्ताच्या नात्याशी की दिलेल्या शब्दाशी? साहसे ही या प्रश्नाची कसोटी असते. साहसांच्या गर्दीत हा प्रश्न हरवला की कथा नुसती करमणूक होते. तो टिकला की तिला वजन येते.

२. फ्रेंच वळण

सोळाव्या शतकात 'आमादिस'ची स्पॅनिश शौर्यकथा १५४० पासून फ्रेंचमध्ये येऊ लागली आणि दरबारी वर्गाने ती डोक्यावर घेतली. सतराव्या शतकात मादलेन द स्क्युदेरी हिने 'ल ग्रां सिर्युस' (१६४९–५३) ही दहा खंडांची कथा लिहिली. ती तिच्या भावाच्या नावाने प्रसिद्ध झाली. नायक प्राचीन इराणचा सम्राट, पण त्याची भाषा, प्रेमाच्या रीती आणि शिष्टाचार सारे समकालीन पॅरिसच्या दिवाणखान्यातले. येथे इतिहास हा पोशाख आहे. काळ कोणताही घेतला असता तरी चालला असता.

हा पोशाख बदलण्याचे काम प्रथम मादाम द ला फायेत हिने केले. १६७८ साली निनावी प्रसिद्ध झालेल्या 'ला प्रँसेस द क्लेव्ह' या छोट्या कादंबरीत तिने कथा दुसऱ्या हेन्रीच्या दरबारात, १५५८–५९ च्या सुमारास ठेवली. राजा, राणी, सरदार बहुतेक इतिहासातले. नायिका आणि तिची आई कल्पित. साहसे गळाली, खंड आटले. उरला तो निष्ठेचा प्रश्न : पतीशी इमान आणि मनातील ओढ. दूरदेशीच्या अद्भुताऐवजी वाचकाला माहीत असलेला काळ आला आणि कल्पित स्त्रीचे दुःख खऱ्या माणसांच्या गर्दीत उभे राहिले. 'काळ खरा, केंद्रस्थानचे पात्र कल्पित' हे सूत्र येथे तयार झालेले दिसते.

त्यानंतरचे मोठे वळण एकोणिसाव्या शतकात आले. स्कॉटच्या 'वेव्हर्ली'पासून (१८१४) सुरू झालेल्या कादंबऱ्या फ्रान्समध्ये झपाट्याने वाचल्या गेल्या; 'क्वेंटिन डरवर्ड' (१८२३) ही तर फ्रान्समध्येच घडते. मात्र स्कॉटचे अनुकरण करताना फ्रेंच लेखकांनी एक महत्त्वाचा फेरफार केला. स्कॉट इतिहासातील थोर व्यक्तींना बाजूला ठेवून मधल्या दर्जाच्या कल्पित तरुणाला पुढे आणतो. आल्फ्रेद द व्हिन्यी याने 'सँक-मार' (१८२६) मध्ये राजा तेरावा लुई आणि मंत्री रिशल्यू यांनाच रंगमंचाच्या मध्यभागी आणले, आणि पुढे जोडलेल्या प्रस्तावनेत कलेचे सत्य हे घटनांच्या सत्याहून वेगळे व वरचे असल्याचे मांडले. १८२९ साली प्रॉस्पेर मेरिमे याची नवव्या शार्लच्या काळावरील कादंबरी आली. तीत १५७२ च्या कत्तलीच्या पार्श्वभूमीवर दोन भाऊ परस्परविरोधी धर्मपक्षांत उभे राहतात आणि एकाच्या हुकुमाने झालेल्या गोळीबारात दुसरा पडतो. त्याच वर्षी बाल्झाकने ब्रिटनीतील राजनिष्ठ बंडावर 'ले शुआं' लिहिली. १८३१ साली ह्यूगोची 'नोत्र-दाम द पारी' आली आणि एक इमारतच कथेची नायिका ठरली.

ही सारी कादंबरी नेमकी याच वेळी का फुलली? १७८९ नंतरच्या चाळीस वर्षांत फ्रेंच माणसाने राजसत्ता, प्रजासत्ताक, साम्राज्य आणि पुन्हा राजसत्ता असे सारे पाहिले. प्रत्येक पालटाबरोबर नवी शपथ घ्यावी लागली. इमान कोणाशी राखायचे हा प्रश्न पुस्तकातला राहिला नाही. तो घराघरांतला झाला. जुन्या शौर्यकथेजवळ हा प्रश्न शेकडो वर्षे तयार होता. इतिहासाने त्याला निकड दिली.

३. मराठीतील चाळीस वर्षे

मराठीत लक्ष्मण मोरेश्वर हळबे यांची 'मुक्तामाला' १८६१ साली आली. नारो सदाशिव रिसबूड यांच्या 'मंजुघोषा'ने पुढे हाच मार्ग धरला. या कथांतील राज्ये नकाशावर सापडत नाहीत. सद्गुणी नायिका, कपटी प्रधान, वियोग, अरण्य आणि पुनर्भेट यांचा हा प्रदेश स्क्युदेरीच्या इराणासारखाच कोठेही नसलेला आहे. त्यामागे बाणाची परंपरा आहे, वेताळ आणि सिंहासनाच्या गोष्टी आहेत, तसेच मराठीत आलेल्या अरबी कथांचाही वाटा आहे.

जुलै १८६७ मध्ये 'विविधज्ञानविस्तार' सुरू झाले. त्याचे संपादक रामचंद्र भिकाजी गुंजीकर यांची 'मोचनगड' ही कादंबरी त्यातूनच वाचकांपुढे आली आणि १८७१ साली ग्रंथरूप झाली. ती मराठीतील पहिली ऐतिहासिक कादंबरी म्हणून ओळखली जाते. काळ शिवाजी महाराजांचा, प्रदेश सह्याद्रीचा. गड मात्र कल्पित, आणि कथेचा भार कल्पित पात्रांवर. ही मांडणी स्कॉटच्या जवळची आहे. याच मासिकातून नीलकंठ जनार्दन कीर्तने यांनी ग्रँट डफच्या मराठ्यांच्या इतिहासावर केलेली टीकाही प्रसिद्ध झाली, ही गोष्ट नजरेआड करता येत नाही. एकाच मासिकाच्या पानांवर एक लेखक परक्याने लिहिलेला आपला इतिहास तपासत होता आणि दुसरा त्या इतिहासात आपल्या अद्भुताला घर शोधत होता. दोन्ही कामे एकाच गरजेतून निघाली होती.

हरि नारायण आपट्यांची 'उष:काल' १८९५ ते १८९७ या काळात 'करमणूक' पत्रातून क्रमशः आली. सुलतानगड हा तिचा कल्पित किल्ला. किल्लेदार रंगराव अप्पा विजापूरचे इमानी चाकर, तर त्यांचा मुलगा नानासाहेब स्वराज्याच्या नव्या हालचालीकडे ओढला जाणारा. गुप्त वाटा, वेषांतरे, पळवापळवी हे शौर्यकथेचे सर्व सामान येथे भरपूर आहे. पण या सामानाच्या मध्यभागी आपट्यांनी बापलेकांचा तिढा ठेवला. खाल्ल्या अन्नाला जागणे हा धर्म की ज्या सत्तेचे अन्न खाल्ले तीच अन्यायी असेल तर तिला सोडणे हा धर्म? मेरिमेच्या कादंबरीतील दोन भावांचा आणि आपट्यांच्या बापलेकांचा हा प्रश्न एकाच कुळातला आहे. एकाने दुसऱ्याचे अनुकरण केले असे येथे म्हणावयाचे नाही. एकाच वाङ्मयप्रकाराच्या पोटातला प्रश्न दोन समाजांत आपापल्या निकडीच्या वेळी वर आला, एवढेच सुचवावयाचे आहे.

ती निकड कोणती, हे तारखांवरून दिसते. १८९५ साली रायगडावरील समाधीच्या जीर्णोद्धाराची चळवळ उभी राहिली आणि १८९६ मध्ये तेथे उत्सव झाला. 'करमणूक' वाचणाऱ्या पांढरपेशा घरांत सरकारी नोकरी ही प्रतिष्ठा होती आणि देशाभिमान ही नवी भावना होती. एकाच माजघरात पेन्शनीत निघालेला बाप आणि सभांना जाणारा मुलगा बसत असे. अशा वाचकाला रंगराव अप्पांचे इमान समजावून सांगण्याची गरज नव्हती.

४. गड : सरदाराचे घर की राज्याचे ठाणे?

वाङ्मयप्रकार प्रश्न देतो, तसाच तो साचाही देतो, आणि साचा आशयाला कोठेतरी दाबतोच. युरोपीय शौर्यकथेतील किल्ला हे सरदाराचे पिढीजात घर असते. त्याची मुलगी तेथे वाढते, त्याचा शत्रू तेथे चाल करून येतो, त्याची अब्रू त्या भिंतींशी जोडलेली असते. शिवकालातील गडाचे स्वरूप वेगळे होते. मावळातील देशमुखांची घरे आणि वतने खोऱ्यांत होती. गड हे राज्याचे ठाणे होते. सभासदाच्या बखरीत गडाचा कारभार हवालदार, सबनीस आणि सरनोबत अशा नेमणुकीच्या अधिकाऱ्यांत विभागलेला दिसतो, एका माणसाच्या हाती गड राहू नये हा त्यामागचा हेतू. दप्तर, कोठार, पहारा, पाणी यांच्या हिशोबावर गड उभा असे. राजगड हा महाराजांच्या राहण्याचाही गड होता. सईबाईंचा मृत्यू १६५९ साली तेथे झाला आणि राजाराम महाराजांचा जन्म १६७० साली तेथेच. म्हणजे गडावर घर नव्हते असे नाही; पण गड ही कोणा सरदाराची कौटुंबिक मालमत्ता नव्हती. कादंबरीकाराने किल्लेदाराचे कुटुंब मध्यभागी घेतले की राज्याचे ठाणे नकळत सरदाराचा वाडा होते.

साच्याचा हा दाब सर्वांत स्पष्ट दिसतो तो आपट्यांच्या 'गड आला पण सिंह गेला' या १९०३ च्या सुमाराच्या कादंबरीत. येथे गड कल्पित नाही; कोंढाणा आहे, १६७० चा फेब्रुवारी महिना आहे, तानाजी मालुसरे आहेत. पत्ता पूर्ण खरा. पण या खऱ्या पत्त्यावर आपट्यांनी कमलकुमारी या राजपूत स्त्रीला आणले. सती जाण्यास निघालेली ही स्त्री उदयभानूच्या हाती सापडते आणि कोंढाण्यावरील झुंजीला तिच्या सुटकेचाही अर्थ प्राप्त होतो. सभासदाच्या बखरीत कमलकुमारी नाही. असण्याचे कारणही नाही. ती आली शौर्यकथेतून. किल्ला आहे, दुष्ट किल्लेदार आहे, वीर आहे. साच्यात एक जागा रिकामी होती, ती भरली गेली.

याआधी पोवाड्यानेही आपल्या परीने भर घातलीच होती. तुळशीदासाच्या पोवाड्यातील घोरपड सभासदाच्या बखरीत नाही. तेथे मावळे स्वतःच कडा चढतात. 'सिंहगड' हे नाव तानाजींच्या मरणानंतर पडले अशी समजूत आहे, परंतु १६७० पूर्वीच्या पत्रांतही ते नाव आढळते. दोन्ही भरींत फरक मात्र आहे. पोवाड्याची भर वीराच्या कृतीला मोठी करते. कादंबरीची भर त्या कृतीचे कारण बदलते. राज्याचा गड परत घेणे हे कारण पुरेसे असताना स्त्रीची सुटका हे दुसरे कारण शेजारी येऊन बसते. मढे घाटाने तानाजींचा देह उमरठ्याकडे नेला ही वेल्ह्याच्या मुलखातील आठवण घरी निघालेल्या देहाची आणि त्याला खांदा देणाऱ्या माणसांची आहे. तिला कमलकुमारीची गरज भासलेली नाही.

५. ज्याला प्रश्न विचारला गेला नाही

विंझरच्या विद्यार्थ्याला जाणवणारे अंतर आता नेमके सांगता येईल. 'उष:काल'मध्ये रंगराव अप्पांच्या इमानाला कारणे आहेत, नानासाहेबांच्या बंडालाही कारणे आहेत. त्यांच्या मनातील उलाघालीला लेखकाने पाने दिली आहेत. सावळ्या हा चलाख मावळा पोर वाचकाचा लाडका होतो. पण त्याच्या निष्ठेला कारण लागत नाही. ती जणू उपजत आहे. बाल्झाकच्या 'ले शुआं'मध्येही हेच घडते : उमराव नायक आणि त्याच्यावर सोडलेली स्त्री यांच्या मनात द्वंद्व चालते, तर ब्रिटनीचे शेतकरी अंधाऱ्या, अर्धरानटी श्रद्धेने लढतात. शौर्यकथेत निष्ठेचा प्रश्न उच्चकुलीनांना पडतो. बाकीच्यांना फक्त निष्ठा असते.

याच मुलखाची कागदपत्रे मात्र निराळे सांगतात. १६५९ साली अफजलखान आला तेव्हा मावळच्या देशमुखांपुढे निवड होती आणि वतन पणाला लागले होते. रोहिड खोऱ्याचे कान्होजी जेधे महाराजांच्या बाजूस राहिले; भोरजवळच्या उत्रोळीचे खंडोजी खोपडे खानाला मिळाले. हिरडस मावळचे बांदल, गुंजण मावळचे शिळीमकर यांच्याही घराण्यांचे कागद उपलब्ध आहेत. त्यांतून इमान, हिशोब, भीती, भाऊबंदकी आणि विश्वास यांची गुंतागुंत दिसते. निष्ठा मावळात उगवलेली नव्हती. ती ठरविली गेली होती. देशमुखांच्या खालच्या माणसांविषयी, पहाऱ्यावरचे रामोशी, बेरड, महार, कोळी यांच्याविषयी, कागद थोडे बोलतात. पण कादंबरीकाराला तेथेच खरी मोकळीक असते. ला फायेतने राजदरबाराच्या इतिहासात एका कल्पित स्त्रीचे मन उभे केले, ते अशाच मोकळ्या जागेत.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मराठी ऐतिहासिक कादंबरीने स्कॉटची वाट सोडून व्हिन्यीची वाट धरली. 'स्वामी' (१९६२), 'श्रीमान योगी' (१९६८), 'छावा' (१९७९) या कादंबऱ्यांत इतिहासपुरुष स्वतः नायक झाले. त्यामुळे त्यांच्या मनाचा वेध घेता आला, ही कमाई निश्चितच आहे. परंतु कल्पित पात्रांची जागा आक्रसली, आणि जेथे सामान्य मावळ्याचे मन रंगविता आले असते ती मधली भूमीही त्याबरोबर आक्रसली. 'मोचनगड'ने उघडलेला दरवाजा पुरता वापरला जाण्यापूर्वीच लोटला गेला, असे म्हणावेसे वाटते.

यावरून आपट्यांना किंवा त्यांच्या अनुयायांना दोष देणे हा हेतू नाही. शौर्यकथेचा साचा त्यांनी घेतला म्हणूनच निष्ठेचा प्रश्न मराठी घरांत पोहोचला. रूक्ष इतिहासाने तो पोहोचला नसता. मात्र साचा ओळखता आला पाहिजे. कमलकुमारी कोठून आली हे ज्याला कळते, त्याला ती इतिहासात शोधावी लागत नाही आणि तिच्यासाठी भांडावेही लागत नाही. ती कादंबरी म्हणून तो अधिक मोकळेपणाने वाचू शकतो. या परिसरातील विद्यार्थ्यांच्या हाती एक काम सहज येण्यासारखे आहे : आपल्या खोऱ्यातील गडांविषयी घरोघर सांगितल्या जाणाऱ्या आठवणी टिपाव्यात, त्या बखर, पोवाडा आणि कादंबरी यांच्याशेजारी ठेवाव्यात, आणि कोणती गोष्ट कोठून आली हे पाहावे. गडाला पत्ता मिळून शंभरांहून अधिक वर्षे झाली. त्या पत्त्यावर राहणाऱ्या माणसाला त्याच्या निष्ठेचे कारण विचारणारी कादंबरी लिहिली जाण्यास हे पाहणे उपयोगी पडेल.